वृंदावनातला सब्जा

डहाणू गुजरातेत जाणार की महाराष्ट्रात, यावरून बाजारात रोज तावातावाने बोलणी चालायची, त्या सुमारास मी चिखल्याहून नरपडला नांदायला आले. आमच्या घरचं भांडण वेगळंच होतं. मुलीच्या आईला मुलाकडून पोटझाकणीची साडी देतात, ती हलकी निघाली. त्यावरून माझी आई आणि सासू यांचं असं वाजलं, की पाठवणीला दोघी एकमेकींकडे बघेनात.

निघताना आईने माझ्या पदराला सब्ज्याचं बी बांधलं. तिच्या दारात सब्जा नुसता माजलेला असायचा. मासळी साफ केली की चार पानं हातावर चोळायची, वास गेलाच. ती पानं जवळ्यात कोथिंबिरीसारखी पडायची, मंजिऱ्या माझ्या वेणीत आणि भिजवलेलं बी उन्हाळ्यात सरबतात. पहिलं बी तिने तलासरीच्या बाजारात सुके बोंबील देऊन आणलं होतं. शेजारची गुजराती काकी त्याला तकमरिया म्हणायची. मला तर ते माहेरच वाटायचं, खोटं कशाला बोलू?

पाऊस लागल्यावर मी बी मोरीच्या कडेला पेरलं. महिनाभरात रोपं तरारली. काही कोंबड्यांनी फस्त केली, आणि उरलेलं एकुलतं एक देखणं रोप एका सकाळी गायब. बघते तर सासूने ते वृंदावनात लावून वर हळदकुंकू वाहिलेलं. आमची तुळस खाऱ्या वाऱ्याने त्याच वर्षी जळून गेली होती. सासूचं म्हणणं, तुळस आपल्या पायांनी घरी परत आली, तीही बिचारी मोरीपाशी.

जन्म बोंबील वाळवण्यात गेलेला, तिच्या नाकाला दुसरा वास कळतच नव्हता. मी तोंड उघडलं आणि मिटलं. कालची आलेली सून सासूला शहाणपण शिकवणार, तेही माहेरच्या बियांवरून? नकोच ते.

मग काय, सब्ज्याची चंगळ. रोज पाणी, रोज दिवा. तो असा फोफावला की बघत राहावं. सासरे तीर्थ घेऊन म्हणायचे, "यंदा तुळशीला बडीशेपेचा वास येतो."

"तुमचं नाकच तसलं," सासू म्हणायची.

माझा सब्जा डोळ्यांसमोर, आणि मलाच पान तोडायची चोरी. मी बिनपानाचा जवळा शिजवायचे आणि चुलीपाशी एकटीच हसायचे.

हसू पळालं ते कार्तिकात. तुळशीचं लग्न तोंडावर आलं आणि सासऱ्यांनी मोठ्या मनाने माझ्या आईलाही बोलावणं धाडलं. आई ते रोप पहिल्या नजरेत ओळखणार, आणि तिची जीभ काही गप्प बसायची नाही. चारचौघांत सासूचं हसं झालं, की मग दोन्ही घरांचा संबंध कायमचा तुटला. माझं माहेर तुटलं. या विचाराने मला जेवण जाईना.

लग्नाच्या दिवशी सकाळी सासू वृंदावनाला गेरू लावत होती. मी जवळ जाऊन बसले.

"आत्या, ही तुळस नाही. सब्जा आहे. बी मीच पेरलं होतं, आईने दिलेलं."

तिचा हात थांबला. तिने रोपाकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"म्हणजे चार महिने मी रोज सकाळी उठून तुझ्या आईच्या पाया पडतेय?"

मला रडू फुटणार, तेवढ्यात तीच हसायला लागली. हसता हसता गेरूचा हात कपाळाला लागला, तरी हसणं थांबेना. मग तिने शेजारणीकडून खरी तुळस आणून लावली आणि सब्जा होता तिथे, मोरीपाशी, स्वतःच्या हाताने परत नेला.

संध्याकाळी आई आली ती तोंड फुगवूनच. सासूने तिचा हात धरला आणि सगळ्यांदेखत तिला मोरीपाशी नेलं. सब्ज्यावर हळदकुंकू अजून तसंच होतं. सगळी हकिगत सांगून सासू म्हणाली, "पोटझाकणीत तुमचा मान राहून गेला म्हणत होतात ना, विहीणबाई? चार महिने रोज तुमच्या पाया पडलेय. आता तरी भागलं का?"

आई वाकली आणि रोपाची पानं चाचपून बघायला लागली.

"रोप छान सांभाळलंत हो," ती म्हणाली. "पण जवळ्यात एकदा तरी घातलंत का?"

दुसऱ्या दिवशी आईला कोणी जाऊच दिलं नाही. जवळा आईने केला, पानं सासूने तोडून दिली.