खोटारड्या मुलाचा ठसा

यॉर्कमधल्या लम्लींच्या छापखान्यात आम्ही पाच जणी लांब टेबलाशी बसून मुलांच्या नीतीच्या पुस्तकांतली चित्रं रंगवायचो. एकीला एकच रंग. माझा पिवळा, म्हणजे केस आणि आगीच्या ज्वाळा. माझ्याकडून कागद केझाया स्टॉटकडे जायचा. तिचा लाल.

आठ पानांत पाच-सहा मुलं सहज मरायची. मेणबत्तीशी खेळणारी जळायची, घरट्यातली अंडी चोरणारा झाडावरून पडून डोकं फोडून घ्यायचा, कुत्र्याला छळणाऱ्याचा गळा कुत्राच फाडायचा. केझाया रक्तात हात आखडत नसे.

"आज किती गेल्या गं?" ती मला विचारायची.

"दोनशे जळाल्या. कुत्र्याचे अजून यायचेत."

"येऊ देत. भांडं भरलंय माझं."

केझाया अंगाने थोराड, तोंडाने फटकळ. नवऱ्याने एकदाच हात उगारला, तर तिने त्याच्या डोक्यात तवा घातला, आणि मग सहा आठवडे त्याला स्वतःच भरवत बसली. हे ती हसत सांगायची. भावाबद्दल मात्र चकार शब्द काढत नसे. जेबेझ एकोणिसाव्या वर्षी मेंढी चोरल्याबद्दल किल्ल्यासमोर फासावर गेला, एवढं सगळ्यांना ठाऊक होतं.

एका मंगळवारी नवं चित्र आलं. फासावर लटकलेला मुलगा, एक खांदा उतरलेला. खाली ओळ: आईशी खोटं बोलणारा शेवटी इथे पोचतो. मी केसांना पिवळा लावून कागद पुढे सरकवला. केझायाचा कुंचला हवेतच राहिला. तिच्यासमोर कागद साठत गेले.

लम्ली आले. "लाल कुठंय, स्टॉटबाई?"

"कुठे लावू?"

"तोंडातून, गळ्यावरून. नेहमीसारखा."

"तिथे रक्त आलं नव्हतं, मालक. मी खाली उभी होते."

तिने चित्रातल्या उतरलेल्या खांद्यावर बोट ठेवलं.

"हा आमचा जेबेझ. फाशीच्या दिवशी गर्दीत विकायच्या पत्रकासाठी तुम्हीच हा लाकडी ठसा कोरून घेतलात."

"मग? चांगला ठसा आहे. चुलीत घालू?"

"खाली खोटारडा लिहिलंय. अहो, साक्षीदार एकही नव्हता. तुरुंगात सगळ्यांनी पढवलं होतं, नाही म्हण. हा न्यायाधीशाला म्हणाला, मीच नेली मेंढी. खरं बोलला म्हणून मेला तो. चोर लिहा, मी स्वतः रंगवते."

"चोराचं पुस्तक मागच्या वर्षी झालं," लम्ली म्हणाले. "रंग लाव, नाहीतर ऊठ."

ती उठली, पण दाराकडे गेली नाही. छापयंत्रावर ठसा बसवलेला होता. तिने बाकावरची पटाशी आणि लाकडी हातोडी उचलली आणि सरळ ठशातल्या मुलाच्या तोंडावर घाव घातला. यंत्रावरच्या डॉबसनने तिचे केस धरून मागे ओढलं. तिच्या कोपराने त्याचं नाक फुटलं. दुसरा घाव. लाकडाची ढलपी उडाली. लम्लींनी लोखंडी दांडा तिच्या उजव्या मनगटावर हाणला. हाड मोडलेलं आम्ही सगळ्यांनी ऐकलं. हातोडी खाली पडली. तिने पटाशी डाव्या हातात घेतली आणि उरलेलं तोंड खरवडून काढलं. लम्ली मारतच राहिले, पाठीवर, कानावर, ती गुडघ्यांवर आली तरी. आम्ही चौघी कुंचले धरून बसून होतो. मग दोघांनी तिला ओढत नेऊन रस्त्यावर टाकलं.

लम्लींनी नवा ठसा केला नाही. तसाच छापला. लाल माझ्याकडे आला.

वसंतात ती मला नदीच्या धक्क्यावर भेटली. मासे साफ करत होती. मनगट वाकडं जुळलं होतं.

"हात कसा आहे?"

"माशांना पुरतो. तो छापला का गं?"

"छापला. तोंडाच्या जागी पांढरं भोक आहे."

"जेबेझ ओळखू येतो?"

"नाही."

तिने माशाचं पोट फाडून आतडी पाण्यात भिरकावली. "मग छापू दे मेल्याला. खोटारडे काय, कमी आहेत होय?"