मुकी हजेरी

"साहेब, अर्धा तास तोंड बंद ठेवा," असं मी ओव्हरसियर साहेबांना तलावाच्या बांधावर सांगितलं. मागे उभ्या असलेल्या माझ्या अकरा बायकांनी पदर तोंडाला लावले. साहेबांच्या हातात मस्टर होतं, म्हणजे आमच्या हजेरीचं बुक. पेनाचं टोपण काढलेलं होतं. आम्हा बाराही जणींची नावं ते कापायला आले होते.

मोठ्या दुष्काळाच्या दोन वर्षं आधीची ही गोष्ट. धरणगावच्या पुढे एक लहान तलाव होता. तिथे मी मुकादम होते. चौथी पास, त्यामुळे हजेरी लिहिता यायची. बायकांकडून काम करून घ्यायला शाळा लागत नाही. पाण्यातलं गवत, वेल उपटून गेट मोकळं ठेवायचं, हे आमचं काम. गेट म्हणजे तलावातून पाटात पाणी सोडायचं दार. त्याच्या तोंडाशी लोखंडी जाळी असते. जाळी तुंबली की दार उघडलं तरी पाणी जात नाही. त्या वर्षी तेच झालं. खाली गहू पोटरीत आला होता आणि पाटात करंगळीएवढी धार.

सकाळी लांबून तलाव हिरवा दिसायचा. आम्ही बांधावर पोचेपर्यंत पाणी साफ. पंधरा दिवस कमरेइतक्या पाण्यात उभं राहून पायांनी चाचपलं, हाताला नुसता चिखल.

साहेब जीपमधून आले. "अक्का, पाणी तर आरशासारखं आहे. वेल कुठे आहे?"

"खाली आहे साहेब."

"खालचं मला सांगू नका. बायका दिवसभर गप्पा मारतात, हे अख्खं गाव सांगतं. परवा येतो. तुंबलेलं दाखवा, नाहीतर सगळ्यांची नावं काढून दुसरी टोळी आणतो."

दुसऱ्या दिवशी दुपारी सगळ्या रस्त्याकडच्या लिंबाखाली भाकरी खायला गेल्या. माझा विळा बांधावर राहिला होता, म्हणून मी एकटी परत आले. बघते तर तलाव हिरवागार. जाळीपाशी पानावर पान. मी ओरडले, "कौतिके, इकडे ये!" कौतिकबाई धावत आली, तोवर एक पान शिल्लक नव्हतं.

"काय दखाडी ऱ्हायनी अक्का? आठे ते काहीच नही शे."

मी तिला गप बसवलं. टोळीत सगळ्यात बोलकी तीच, त्यामुळे ते सोपं नव्हतं. थोड्या वेळाने पानं वर आली. तळहाताएवढी पानं, दोरीसारखे लांब देठ. मी डबा वाजवला. पानं जागची हलली नाहीत. पलीकडे म्हैस ओरडली. तरी नाही. तेवढ्यात कौतिकबाई हळूच म्हणाली, "माय वं!" देठ गुंडाळले आणि सगळं खाली गेलं.

"हाई ते नवी सून शे," ती म्हणाली. "कोनी बोलनं का घरमा पळस."

आम्ही त्या वेलीचं नाव लपनी ठेवलं. माणसाचं बोलणं ऐकलं की ती चिखलाला आणि जाळीला चिकटून बसते. का, ते मला माहीत नाही. मला जाळी मोकळी करायची होती.

चूक माझीच होती. आमची हजेरी जाळीसमोर बांधावर व्हायची. मी मोठ्याने नाव घ्यायची, त्या "हजर" म्हणून ओरडायच्या, मग दिवसभर पाण्यात बोलणं. रोज सकाळी मीच लपनीला खाली धाडत होते. त्या दुपारी गप राहून काम करून पाहिलं. अकरा बायका एवढ्यात कुठल्या गप राहतात? संध्याकाळपर्यंत हाती काही लागलं नाही, आणि सकाळी साहेब आले.

"मला तोंड बंद ठेवायला सांगता?" ते म्हणाले.

"मग खुशाल नावं कापा. पहिलं माझं कापा."

साहेब दगडावर बसले. बऱ्याच वेळाने पानांची टोकं दिसली. साहेब म्हणाले, "अरेच्चा!" टोकं गेली. पुन्हा बसलो. टोकं आली. साहेब ड्रायव्हरला म्हणाले, "अरे बघ, बघ!" पुन्हा गेली.

"साहेब ते मन्हापेक्षा बोलका शेतस," कौतिकबाई म्हणाली.

तिसऱ्या वेळी साहेबांनी रुमालाचा बोळा दातात धरला. लपनी वर आली. जाळीपासून पलीकडच्या काठापर्यंत पाणी दिसेना. साहेब उठून उभे राहिले. मस्टरच्या शेवटच्या पानावर त्यांनी लिहिलं, "किती दिवस?" मी खाली आठचा आकडा काढला. त्यांनी पेनाला टोपण लावलं.

हजेरी मी लिंबाखाली नेली. तिथून पुढे एक शब्द नाही. लपनी वर असताना मूळ सैल असतं. मुळाशी धरून अर्धा पीळ दिला की गड्डा हातात येतो. कौतिकबाई गालात सुपारी धरून यायची. तिसऱ्या दिवशी तिच्या पायात काच घुसली. ती ओरडली नाही. पाण्यातून निघाली, लंगडत लिंबापर्यंत गेली, आणि तिथे पोचल्यावर तिने ज्या शिव्या दिल्या त्या इथे लिहिण्यासारख्या नाहीत. पाय बांधून ती परत पाण्यात उतरली.

आठव्या दिवशी गेट उचललं. पाट भरून पाणी गेलं. खाली शेतकरी ओरडत होते. आम्ही बाराजणी बांधावर गप उभ्या. बोलायला हरकत नाही, हे कोणाच्या ध्यानातच आलं नाही.

साहेबांनी रिपोर्टमध्ये लिहिलं, "जाळीतील अडथळा काढला." लपनीचं नाव घातलं नाही. वरच्या साहेबांना ती दाखवायची म्हणजे त्यांनाही गप बसवावं लागलं असतं.

पुढे मी बरीच वर्षं मुकादमकी केली. काम अडलं की मी बायकांवर ओरडायच्या आधी एकदा एकटी अडल्या जागी जाऊन गप उभी राहायची. बऱ्याचदा ओरडायची गरज पडली नाही.