पेजेचा कौल

देवाला फसवायला गेले आणि स्वतःच फसले, तेव्हा मी वीस वर्षांची होते आणि वाडीत माझ्याइतकं डोकं कुणाला नाही अशी माझी पक्की समजूत होती. फसवायचं साधन काय, तर भाताची पेज.

आमच्या जमिनीच्या टोकाला, दगडी गडग्याला लागून, ऐनाच्या झाडाखाली घराचा राखणदार आहे. राखणदार म्हणजे गुडघ्याएवढा काळा दगड. घरात काही मोठं ठरवायचं असलं की सासरे त्याला कौल लावायचे. दगडाच्या दोन्ही खांद्यांवर तगरीची एकेक कळी पाण्याने चिकटवायची, गाऱ्हाणं घालायचं आणि वाट बघत उभं राहायचं. देवाची उजवी कळी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. विहीर कुठे खणायची, बैल बदलायचा का, कुणाची सोयरीक जमवायची, सगळं त्या दोन कळ्यांवर. त्या शिमग्याला माझी पाळी आली. हे मुंबईला गोदीत कामाला होते, गावच्या मंडळींबरोबर खोलीवर राहायचे; सणाला घरी आले होते. लग्नाला दोन वर्षं झाली होती. मला मुंबईला न्यायचं की नाही, ते देव सांगणार होता.

मला जायचं होतं. इतकं जायचं होतं, की मनातल्या मनात माझा मुंबईत स्टोव्ह पेटवून ह्यांचा चहासुद्धा करून झाला होता. पण सून तोंड उघडून 'मला न्या' म्हणाली तर ती निर्लज्ज, आणि देव म्हणाला तर ती आज्ञा. मग देवाला थोडी मदत करायला काय हरकत?

सकाळी दगड धुवायचं काम माझंच होतं. चुलीवरची पेज अगदी खळीसारखी होईपर्यंत आटवली. देवाचं डावं ते आपलं उजवं, कारण तो आपल्याकडे तोंड करून असतो, हा हिशोब चुलीपुढे दोनदा केला. तरी खात्री पटेना, म्हणून झाडाखाली जाऊन दगडाच्या शेजारी त्याच्यासारखी पाय पोटाशी घेऊन बसून बघितलं. कुणी पाहिलं असतं तर त्याच दिवशी माहेरी पाठवलं असतं. मग देवाच्या डाव्या खांद्यावर पेज फासली आणि साळसूदपणे घरी आले.

सासऱ्यांनी कळ्या लावल्या, हात जोडले, घरातली सगळी मागे उभी राहिली.

"बा राखणदारा म्हाराजा," सासऱ्यांनी सुरुवात केली, "आज लेकरांनी तुला इचारलंय. सूनबाय हितंच तुज्या पायाशी ऱ्हावी, ह्ये तुज्या मनात असंल तर उजवा दे. मुंबयला जावी असं असंल तर डावा दे."

"व्हय म्हाराजा," सगळे म्हणाले. मीही म्हणाले, सगळ्यांच्या वर आवाज काढून. तोंडाला सवय. शब्दांचा अर्थ मागाहून डोक्यात शिरला.

खांदे मोजले, पेज मोजली, देवासारखं बसूनही पाहिलं. प्रश्न काय घालणार, तेवढं काही माझ्या त्या दांडग्या डोक्यात आलं नाही.

उजवी कळी सासऱ्यांनी डोळे उघडायच्या आत पडली. डावी पडायचं नाव घेईना. दुसऱ्या दिवशी पाणी घालायला गेले तरी ती तिथेच, वाळून तपकिरी झालेली. पेजेला मुंग्या लागल्या होत्या. त्यांची रांग बघून सासरे गहिवरले. "देव जागा हाय," म्हणाले. "असा खणखणीत कौल मी हयातीत बघितला नाय." ही गोष्ट त्यांनी सावर्ड्याच्या बाजारापर्यंत सांगितली.

हे ऐकून लोक हसतात. मीही हसवून हसवूनच सांगते. पण त्यानंतरची तीस वर्षं हसण्यासारखी नव्हती.

तीस वर्षं मी भाताची लावणी केली, सासूचं दुखणं काढलं, दोन पोरं वाढवली. हे गणपतीला यायचे, शिमग्याला यायचे, आंब्याच्या दिवसांत रजा मिळाली तर यायचे. मुलगा चार वर्षांचा असताना हे ओट्यावर बॅग ठेवून उभे राहिले, तेव्हा पोरगं माझ्या पदराआड जाऊन मला विचारतं, "हे कधी जाणार?" सगळे हसले. हेही हसले. मी तर डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले, आणि ते पाणी हसण्याचंच आहे अशी सगळ्यांनी समजूत करून घेतली. फार सोयीच्या समजुती करून घेतो आपण.

वाडीत अशा बायका घरोघर होत्या. आमच्यापैकी कुणाचाही संसार मोडलेला नव्हता बरं. मोडलेला म्हणजे नवऱ्याने टाकलेली, नाहीतर पळून गेलेली. आमच्या गळ्यात मंगळसूत्र होतं, गणपतीला नवं लुगडं येत होतं, वर्षा-दोन वर्षांनी पाळणा हलत होता. भिंतीला तडा गेला तर आम्ही दुपारच्या आत शेणमाती लिंपायचो. हा तडा मात्र कुणाला दिसत नव्हता, कारण त्याचं नाव नोकरी होतं. मी एकदा जावेला विचारलं, तुला रात्री नवऱ्याचा चेहरा आठवतो का गो? ती म्हणाली, "फोटोतला आठवतो." आणि पुन्हा भात कांडायला लागली.

मी रागवायचे, पण कुणावर? कौल मीच फिरवला होता. देवाशी लबाडी केली, त्याने मला तिथल्या तिथे धडा दिला, असं मी धरून चालले होते. म्हणून गप्प राहिले. सासू काही बोलली, गप्प. ह्यांचं पत्र दोन ओळींचं आलं, गप्प. माझ्याच पेजेने माझं तोंड चिकटलं होतं म्हणा ना.

हे निवृत्त होऊन घरी आले तेव्हा सासरे जाऊन बरीच वर्षं झाली होती. साखरेचा डबा कुठला ते ह्यांना माहीत नव्हतं, ओट्यावर पाहुण्यासारखे बसायचे. एका मे महिन्यात आम्ही दोघं पडवीत आमसुलांसाठी रातांबे फोडत होतो. ह्यांना जरा करमावं म्हणून मी पेजेची गोष्ट सांगून टाकली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. हे हसले, हसता हसता ठसका लागला, मी पाणी दिलं. पाणी पिऊन म्हणाले (सासऱ्यांना हे दादा म्हणत),

"तुझी पेज फुकट गेली गो. दादांनी मला आदल्या दिवशीच विचारलं होतं, नेतोस का म्हणून."

"मग?"

"मग काय. म्हटलं, राहू दे इथे. दादा म्हणाले, तू नको सांगूस, तिला वाईट वाटेल. देवावर सोडू."

"आणि देवाने 'ने तिला' म्हटलं असतं तर?"

"कसं म्हणेल? दादा एका कळीला पाणी कमी लावायचे. जी पाडायची तिला." हे सांगताना बापाचं कौतुक होतं हो चेहऱ्यावर.

माझे हात रातांब्यांनी कोपरापर्यंत लाल झाले होते आणि हातात सुरी होती. देवाची कृपा की सुरी बोथट होती. मी विचारलं, का नको होते मी? कुणी दुसरी होती असं म्हणाले असते तर बरं वाटलं असतं. निदान माझ्या तोलाचं काही कारण झालं असतं. हे म्हणाले, "आम्ही सगळे मजेत होतो खोलीवर. बाई आली की वेगळी जागा बघा, पाणी भरा, सतरा भानगडी. आणि तुझं इथे काय अडत होतं?"

माझं काय अडत होतं.

त्या पावसाळ्यात मी ह्यांना रोज रात्री पेज वाढली. मासळी असो, पाहुणे असोत, इतरांच्या पानात जेवण आणि ह्यांच्या पुढ्यात वाडगाभर पेज. तेही शहाणे, मुकाट्याने प्यायले. गणपती आले तेव्हा मी भात वाढला. त्याबद्दल आम्ही कधी बोललो नाही. बोलायची रीतच नव्हती ना घरात. आता हे नाहीत. पण तो राग काही ह्यांच्याबरोबर गेला नाही, तो अजून माझ्यापाशीच आहे, चांगला धडधाकट. नाही म्हणायचं होतं तर तोंडावर म्हणायचं होतं. मी चार दिवस रडले असते, माहेरी गेले असते, भांडले असते. काहीतरी केलं असतं. त्या दोघा पुरुषांनी आदल्या दिवशी ओट्यावर बसून माझा निकाल लावला आणि बिचाऱ्या दगडाच्या नावावर खपवला.

तेव्हापासून मी ही गोष्ट घरात उघड सांगत आले. सगळ्यांत जास्त हसली ती नातसून. गावापासून जवळच्या हायस्कुलात विज्ञान शिकवते, आमच्याच घरात राहते. "आजी, पेज किती घट्ट केली होतीत?" असं तिने बारकाईने विचारून घेतलं होतं. मला वाटलं, विज्ञान आहे.

तिचा नवरा, माझा नातू, मुंबईला कंपनीत. लग्नाला तीन वर्षं झाली. आधी दर शनिवारी यायचा, मग महिन्याने, मग सणाला. न्यायचं विचारलं की जागा लहान आहे. मोठी बघितली तर ऑफिस लांब पडतं. पावसाळा होऊ दे, मग बघू. आता हा हातात मोबाइल घेऊन बोलतो, पण सूर तोच, आजोबांचा. पोरगी संध्याकाळी पडवीत एकटी वह्या तपासत बसलेली दिसायची आणि मला वाटायचं, ही मीच बसले आहे. हिची तरी तीस वर्षं जाता कामा नयेत.

यंदा शिमग्याला नातू आला. दुसऱ्या दिवशी सकाळी माझा मुलगा म्हणाला, "एकदाचा कौल लावून टाकू. म्हणजे कुणाच्या मनात राहणार नाही." हा तोच मुलगा, पदराआडून 'हे कधी जाणार' विचारणारा. साठीचा झाला, आता गाऱ्हाणं तो घालतो.

मी काठी टेकत त्यांच्या मागून गेले. राखणदार धुतलेला होता. देवाच्या उजव्या खांद्यावर मुंग्या चढत होत्या, मी काठीने एक-दोन झटकल्यासुद्धा. पण रागाने माझं डोकं ठिकाणावर नव्हतं. मुलाने द्रोणातली कळी उचलली आणि पाण्यात बोट बुडवलं. ते बोट बघितलं आणि मला सासरे दिसले.

मी द्रोण त्याच्या हातातून काढून घेतला. त्यातल्या सगळ्या कळ्या माझ्या अंबाड्यात खोचल्या. हे गेल्यापासून डोक्यात फूल घातलं नव्हतं, घालायचं नसतं म्हणून.

"आई, हे काय?"

"देवाला आज सुट्टी," मी म्हटलं. "विचारायचं ते मी विचारते." मग नातवाकडे वळले. "बोल रे. बायकोला न्यायची आहे का नाही?"

"आजी, असं नसतं गं. जागेचा प्रॉब्लेम—"

"जागेचं मी विचारलं नाही. तुझ्या आजोबाचीही जागा लहानच होती. हो म्हण नाहीतर नाही म्हण. नाही असेल तर तिच्या तोंडाकडे बघून म्हण. दगडाला कशाला पुढे करतोस, त्याने काय घोडं मारलंय तुझं?"

"आई, पुरे," मुलगा म्हणाला.

"तू गप. तुझ्या बापाला तू चार वर्षं ओळखत नव्हतास, ते आठवतं का? आपल्या घरात कोणी कोणाला नाही म्हटलेलं नाही कधी. सगळं देवाने म्हटलं. तीन पिढ्या हेच."

नातू लाल झाला. बायकोकडे बघितलं नाहीच, मोबाइलकडे बघितलं. शेवटी म्हणाला, "बरं. नेतो. मे महिन्यात नेतो."

"व्हय म्हाराजा," मी एकटीच म्हणाले, आणि जिंकल्यासारखी काठी आपटत घरी आले. नातसून काही बोलली नव्हती. संकोचली असेल, असं मला वाटलं. आपल्याला हवं ते वाटायला काही लागत नाही.

दुपारी मी पडवीत बसले होते. पोरगी फणी घेऊन मागे येऊन बसली आणि माझा अंबाडा सोडायला लागली. कळ्या एकेक करून काढून माझ्या मांडीवर ठेवत होती. एक कळी केसासकट ओढली, म्हणून मी मान वळवून बघितलं. रडत नव्हती. रागावली होती. इतकी रागावलेली बाई मी आरशातसुद्धा पाहिलेली नाही. हळू आवाजात, पण एकेक शब्द नीट उच्चारून म्हणाली,

"आजी, पेज आज मीपण लावली होती. फक्त प्रश्न काय घालणार, ते बाबांकडून आधी काढून घेतलं होतं. मला नाही जायचं मुंबईला, आणि तो इथे राहायला आला तरी मला नको आहे. आज देव माझ्यासाठी नाही म्हणणार होता. तुम्ही तुमच्या नातवाला विचारलंत, मला विचारलंत का?"