सुभेदारांनी लिहिलेलं मरण

फौजेतून परतल्यावर ते नाटकं लिहीत आणि स्वतःच बसवीत. आम्ही त्यांना नुसतं सुभेदार म्हणायचो. सीताबर्डीच्या एका शाळेत संध्याकाळी तालमी चालत. दिवसभर कचेरीत फायली उपसून मी तिथे जवान म्हणून मरायला जात असे. नाटक लढाईत गेलेल्या त्यांच्या दोस्तावर होतं, आणि तो दोस्त मी. गोळी लागून कसं पडायचं, ते सुभेदार स्वतः फरशीवर पडून दाखवत. वर ओरडत, "काहून मिटतो गा डोळे? मेलेल्याचे उघडेच राह्यतात!"

मरतानाचं माझं भाषण चांगलं लांबलचक होतं. टाळ्या हमखास. ते सुरू झालं की सुभेदार मात्र विंगेतून बाहेर निघून जात. त्यांना दुःख सोसत नसेल, असं आम्हाला वाटे.

एका प्रयोगानंतर त्या दोस्ताची म्हातारी आई रंगपटात आली. तिनं सुभेदारांचा हात धरला. "माहा पोरगा एवढं बोलला का गा मरताना? माही याद काढली?"

"हो, माय. तुहीच काढली."

ती गेल्यावर ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "एक शब्द नाही बोलला तो. वेळच नाही भेटला त्याले. लाज वाटते म्हणून हे भाषण काढूनच टाकणार होतो मी."

भाषण राहिलं. पुढच्या प्रयोगाला म्हातारी शेजारणींना घेऊन पहिल्या रांगेत बसली होती. त्या दिवशी सुभेदार बाहेर गेले नाहीत. शिक्षा झाल्यासारखे मान खाली घालून विंगेत उभे राहिले. मी मरून पडलो होतो, त्यांनीच शिकवल्याप्रमाणे डोळे उघडे ठेवून. टाळ्या थांबेपर्यंत मला त्यांच्याकडे बघत राहावं लागलं.