इस्तो न लागलेली मिरची

आमच्या डोणगावात बेबीताईंच्या हातचं गार अन्न कोणी खाल्लेलं नाही. ही काही कौतुकाची बात नाही, खरंच कोणी खाल्लेलं नाही. त्यांचे मालक भाऊराव पोस्टमन. अर्धं टपाल वाटून झालं की ते सायकल घराकडे वळवत, कारण तव्यावरून भाकर उतरायची वेळ झालेली असे. कोणाची मनीऑर्डर असो की कोणाच्या नोकरीचं बोलावणं, ते भाकरीनंतर. डबा नेला तर भाकर गार होईल, म्हणून घरात डबाच नव्हता. माझ्या मावसभावाच्या लग्नाची पत्रिका अशीच भाकरीपायी लग्न झाल्यावर मिळाली. मी भांडायला गेले, तर मलाच बसवून तव्यावरची भाकर वाढली. मग काय भांडता.

मी सुभद्रा, त्यांची शेजारीण. आमचं शेडनेट आहे, त्यात शिमला मिरची लावतो.

बेबीताई विहारातल्या जेवणावळींचा सैपाक करतात. एका चौदा एप्रिलला भाषणं लांबली. त्यांनी वरण पुन्हा तापवलं. आणखी एक वक्ते उठले, वरण पुन्हा चुलीवर. पाचव्या वक्त्यापर्यंत वरणाचं पिठलं झालं होतं. कोणीतरी कुरकुरलं तर म्हणाल्या, "पिठलं तं पिठलं, वाफ पाहा ना किती हाये."

यामागचं कारण त्यांनी मला एकदाच सांगितलं, शेंगा फोडता फोडता. लहानपणी त्यांची आई टोपली घेऊन मोठ्या घरांच्या मागच्या दाराशी उभी राहायची. काम दिवसभर केलेलं, भाकर संध्याकाळी मिळायची, तीही सकाळची. "गार भाकरीचं काही नव्हतं वं, पोट भरे," त्या म्हणाल्या. "पण ते लोक आतमंदी गरम खात, अन् त्याचा वास बाहेर ये." मोठं झाल्यावर त्यांनी नेम धरला, आपल्या हातानं कोणाच्या ताटात गार पडू द्यायचं नाही.

मी गुरुवार करणारी बाई. आमच्या शेगावच्या महाराजांनी तर उष्ट्या पत्रावळीवरची शितं वेचून खाल्ली, त्यामुळे मी गार-गरम कधी पाहिलं नाही. पण महाराजांनी आपल्या मर्जीनं वेचली. बेबीताईंच्या आईला मर्जी कोणी विचारली नव्हती. म्हणून त्यांच्या नेमाला मी कधी हसले नाही. म्हणजे तोंडावर तरी नाही.

तर गेल्या मे महिन्यात भाऊराव रिटायर झाले. मुलगा प्रसेनजित आणि सून समता मेहकरला असतात, ती दवाखान्यात नर्स आहे. रिटायरमेंटचं जेवण, म्हणजे घरातलं पहिलंच मोठं कार्य, तिच्या हातून व्हायचं होतं. संध्याकाळी सहाला पाहुणे, आठला जेवण, असं तिनं ठरवलं. आणि मधल्या वेळात काय, तर मोबाईलवर पाहिलेल्या भरलेल्या शिमला मिरच्या. फ्रिजमधून काढलेल्या. थंड.

"थंड म्हंजे?" बेबीताईंनी विचारलं.

"थंडच, आई. स्टार्टर राहते ते. जेवणाच्या आधी."

"मंग जेवणाच्या आधी लोकाईले गार देऊ? आल्या आल्या?"

समताचा चेहरा उतरला. मी मिरच्या द्यायला आले होते, क्रेट तिथंच उतरवत म्हटलं, "बेबीताई, तुम्ही लग्नात आइस्क्रीम खाता ना? काकडी वाढता ना?"

त्यांनी बराच विचार केला. मग म्हणाल्या, "काकडी गारच असते. गार असणं अलग, अन् गार पडणं अलग. जे गरम होतं अन् आता गार झालं, ते मी कोणाले देत नाही. ज्याले इस्तोच लागला नाही, ते चालते."

इस्तो म्हणजे विस्तव. समताला वाटलं, सुटलो. पोरीला कल्पना नव्हती.

"मग मी बटाटे उकडते," ती म्हणाली.

"उकडले का इस्तो लागला."

"बरं, पनीर."

"दूध तापवल्याबिगर पनीर होते?"

"चक्का?"

"दही लावाले दूध तापवतच असतीन ना वं."

भाजलेले दाणे गेले. फोडणी गेली. साखर गेली, कारण कारखान्यात रस उकळतात. समतानं हळदीची चिमूट घेतली, तेव्हा मीच न राहवून बोलले, "हळद काढली का शिजवतात, बाई." असं बोलल्यावर बेबीताईंनी माझ्याकडे फार आदरानं पाहिलं आणि समतानं मुळीच नाही.

प्रसेनजित दारात उभा राहून हसत होता. "आई, मिरची शेतात चव्वेचाळीस डिग्रीत तापली, त्याचं काय?"

"ऊन इस्तो नोहे. उनाले कोणी फुंकणी लावत नाही."

"अन् काकूंच्या मिरच्या शेडनेटमंदल्या हायेत, त्याईले तं सावली हाये," असं म्हणून तो पळाला.

शेवटी जे उरलं त्यातून सारण झालं. भिजवलेली मुगाची डाळ, किसून पिळलेली काकडी, गाजर, ओलं खोबरं, कोथिंबीर, हिरवी मिरची, लिंबू आणि मीठ. मीठ उन्हात वाळतं म्हणून पास झालं. आम्ही तिघींनी मिळून नव्वद मिरच्यांच्या टोप्या कापल्या, आतलं बी आणि शिरा काढल्या, पुसून कोरड्या केल्या आणि सारण दाबून भरलं. टोप्या परत बसवल्या. ताटात ओळीनं उभ्या केल्या तेव्हा विहारात पोरं वंदनेला बसतात तशा दिसत होत्या. समतानं फोटो काढला. बेबीताई म्हणाल्या, "दिसते तं साजरं." फ्रिजमधलं बाकी सगळं बाहेर काढून ताटं आत गेली, तेव्हा सकाळचे दहा वाजले होते.

अकराला लाईन गेली.

यात नवं काही नाही, मे महिन्यात ती जातेच. फ्रिजचं दार बंद ठेवलं तर आतलं तीन-चार तास थंड राहतं, हे समतानं सांगितलं होतं. पण बेबीताईंना धीर निघेना. थंड आहेत ना, हे पाहायला त्या दर दहा मिनिटांनी दार उघडत, सगळ्या मिरच्यांना हात लावत, आणि म्हणत, "हाव, अजून थंड हायेत." अशा त्यांनी अडीचपर्यंत मिरच्या तपासल्या. अडीचला त्यांचा हात तिथंच थांबला.

"सुभद्राबाई," त्यांनी कुंपणावरून हाक मारली. "या बरं जरा. हात लावा."

मी हात लावला. मिरची आमच्या भिंतीसारखी होती. "कोमट आहे," मी म्हटलं. खोटं बोलता आलं असतं, पण गुरुवार होता.

तीनला लाईन आली. सहापर्यंत मिरच्या पुन्हा गारेगार झाल्या. मी एका मिरचीची टोपी उचलून सारण चोरून चाखलं, चांगलं होतं, आंबलं-बिंबलं नव्हतं. समतानं साडी नेसली, पहिली दोन ताटं बाहेर काढली. अंगणात मंडप, चाळीस खुर्च्या, भाऊरावांच्या गळ्यात हार. आणि बेबीताई सैपाकघराच्या दारात आडव्या.

"ह्या बाहेर जाणार नाहीत."

"आई, काऊन?"

"गरम झाल्या होत्या. आता गार पडल्या."

"पण इस्तो नाही ना लागला!"

"तेच तं मी दुपारपासून इचार करून राह्यली. इस्तो नाही लागला. पण मले मालूम हाये ना, त्या गरम होत्या."

समता रडकुंडीला आली. ती म्हणाली, मग जेवणच वाढू. पण जेवण कुठं होतं? वांगी चिरून पाण्यात, कणीक भिजवलेली, तवा भिंतीला टेकलेला. बेबीताईंच्या नेमाप्रमाणे पहिली पोळी आठ वाजता तव्यावर पडायची होती, म्हणजे सव्वाआठला गरम ताटात. घरात नव्वद मिरच्यांशिवाय खाण्यासारखं काही नव्हतं.

भाऊराव हारासकट आत आले. "अवं, लोक बसून हायेत. पाणी पिऊन पिऊन पोटं फुगली त्याईची."

"तुमी बाहेर बसा. हा माह्या हाताचा सवाल हाये."

तेवढ्यात नारायणराव आले. हे गावातले मोठे शेतकरी. बेबीताईंची आई ज्या दारांशी उभी राहायची, त्यातलं एक त्यांच्या घराचं, पण तेव्हा ते स्वतः चड्डीत असतील. आता पासष्टीचे, शुगरचे पेशंट. ते सरळ सैपाकघराच्या दारापर्यंत आले.

"बेबीताई, माफ करा, मी गोळी घेतली. सहाचं आमंत्रण म्हणून सहालेच घेतली. आता काही पोटात नाही गेलं, तं मी इथंच आडवा होईन. मंग तुमच्या कार्यक्रमाले वेगळाच रंग येईल."

"दादा, दहा मिनिटं थांबा, पोळी टाकतो."

"दहा मिनिटं नाहीत माह्याजवळ. हे काय हाये?" त्यांनी ताटाकडे बोट केलं.

"ते देण्यासारखं नाही. गार पडलेलं हाये."

"खराब हाये?"

"खराब नाही."

"मंग?"

आता बेबीताई काय सांगणार, आणि तेही त्या मागच्या दाराच्या घरातल्या माणसाला. समता माझ्याकडे पाहत होती, मी देवघराच्या दिशेला, म्हणजे आमच्या घराकडे. नारायणरावांच्या कपाळावर घाम आला होता. त्यांनी रिकामी प्लेट उचलली आणि पुढे धरली. दोन्ही हातांनी.

"वाढा ना, बाई."

सैपाकघराच्या दारात प्लेट धरून उभा माणूस आणि आत बेबीताई, असं ते झालं. मला वाटतं तेव्हा त्यांना ते दिसलं. त्यांनी हात धुतला, एक मिरची उचलली आणि प्लेटपर्यंत नेली. तिथं हात थांबला. मग त्यांनी ती मिरची आपल्या दोन्ही तळहातांत धरली, ओंजळीत पाखरू धरावं तशी, आणि डोळे मिटले.

"काय करून राह्यल्या?" नारायणराव म्हणाले.

"थांबा, दादा. गरम करून राह्यली."

नारायणरावांनी भिंतीचा आधार घेतला. अर्ध्या मिनिटानं बेबीताईंनी मिरची आपल्या गालाला लावून पाहिली आणि प्लेटमध्ये ठेवली. "घ्या आता. कोमट झाली."

नारायणरावांनी दोन घासांत संपवली. जरा वेळानं रंग परत आला. "ब्येस हाये," ते म्हणाले. "आणखी एक गरम करा."

हे मंडपातून भगवंतराव मास्तरांनी पाहिलं. त्यांनी पाहिलं म्हणजे सगळ्यांनी पाहिलं. लोकांना वाटलं, ही काहीतरी नवीन पद्धत आहे, शहरातली. नारायणरावांच्या मागे मास्तर उभे राहिले, त्यांच्या मागे विहारातल्या बाया, मग रांग मंडपाच्या बाहेर रस्त्यावर गेली. ज्यांना आमंत्रण नव्हतं तेही लागले. "गरम करून देऊन राह्यले म्हणे," कोणीतरी मागच्याला सांगत होतं.

नव्वद मिरच्या आणि बेबीताईंचे हात दोनच. विसाव्या मिरचीला त्यांचेच हात गार पडले. त्यांनी पदराला चोळले, काखेत धरले, तरी मिरची काही तापेना. हात चुलीवर शेकू का, हा प्रश्न निघाला, पण मग इस्तो अप्रत्यक्ष लागला असं होईल, म्हणून तो त्यांनी स्वतःच बाद केला.

"काकू," समता मला म्हणाली, "तुमचे हात गरम असतात ना?"

मी हात धुऊन त्यांच्या बाजूला उभी राहिले. दोन मिरच्या घेतल्या. पलीकडे समता, चांगली साडी खोचून. तिच्या ओंजळीतल्या मिरचीकडे बेबीताईंनी वाकून पाहिलं, बोट लावलं आणि म्हणाल्या, "अजून नाही. धर जराशी."

फ्रिज चालूच होता. उरलेल्या मिरच्या आत गार होत होत्या.