मामांचा एक सिनेमा आणि दोन बैल

जवळ सरक की जरा! पाहुणीसारखी उंबऱ्यात काय बसलीस? आणि परवा लग्नात सगळ्यांसमोर काय म्हणालीस, आपल्या घराण्यात सिनेमा काढणारी मीच पहिली? अगं बाई, विचारायचं तरी! माझ्या मामांनी मुखेडात सिनेमा काढला, तेव्हा तुझा बाप पण जन्मला नव्हता.

निजामाचं राज्य शेवटाला आलं होतं. अर्थात ते आम्हाला नंतर कळलं. मी आठ-नऊ वर्षांची, आजोळीच राहायचे. मामांनी हैदराबादेहून हातातला कॅमेरा आणला, सोबत दाखवायचं यंत्र. आजोबांचा संताप झाला. त्यांनी अट घातली, "एकच सिनेमा काढ. माणसं शेवटपर्यंत बसली तर कॅमेरा तुझा. उठली तर तो विकायचा आन् मुकाट शेतीला लागायचं." मामा हसत हो म्हणाले.

गोष्ट साधी. विकलेला बैल मालकिणीच्या ओढीनं घरी परत येतो. बैल आमचाच, देवणी जातीचा, पांढराशुभ्र, तोंड काळं. मालकीण मामी. पण परक्यांपुढे तोंड दाखवायचं नाही, म्हणून पदर थेट हनुवटीपर्यंत! तहसिलीत परवानगीला गेले तर कारकुनानं विचारलं, "इसमें बगावत तो नहीं?" मामा म्हणाले, "नाही साहेब, एक बैल आहे." त्यानं तसंच लिहून घेतलं.

अर्धा सिनेमा झाला आणि मामी बाळंतपणाला माहेरी गेली. मामांनी भजनातल्या एका बाप्याला लुगडं नेसवलं. मिशीसकट. पदर होताच. ते निभलं, तर आजोबांनी देवणी गावच्या बाजारात बैल विकून टाकला! मामा कपाळाला हात लावून म्हणाले, "दादा, अहो सिनेमात विकायचा होता!"

"मग मी काय येगळं केलं?" आजोबा म्हणाले.

मामांनी शेजाऱ्याचा बैल आणला आणि त्याच्या तोंडाला काजळ फासलं. मुंबईहून रीळ धुऊन आलं. बाजाराच्या दिवशी, भरदुपारी, अडतीच्या गोदामाच्या खिडक्यांना पोती लावून अंधार केला. सिनेमा मुका, म्हणून मामा पडद्याजवळ उभे राहून सांगत होते. माणसं गपगार. मिशीवाली मालकीण आली, कुणाच्या बापाला कळलं नाही. पुढच्या रांगेतली एक म्हातारी तर रडली, "लई सोसलं गं पोरीनं!"

मग बैल घरी परतला. चार पावलं टाकली असतील, तोच मागून आवाज आला, "ह्यो बैल त्यो न्हाई!"

"कशावरून?" मामा.

"चाल बघा की! ह्यो उजवा पाय फेकतोय."

"हाव, वशिंड बी बारकं हाय!"

झालं. गोदामात बाजारच भरला. पहिला बैल कुठंय, किती दाती होता, कुणी नेला? भांडत भांडत सगळे पहिल्या बैलाच्या चौकशीला बाहेर पडले. पडद्यावर मालकीण त्या परक्या बैलाच्या गळ्यात पडून रडत होती, आणि बघायला मी, आजोबा न् मांडीवर तान्हं घेतलेली मामी. बघ, तेवढ्यापुरती बगावत झालीच.

मामा यंत्र थांबवायला निघाले. आजोबा म्हणाले, "पहिल्यापासून लाव."

कॅमेरा मात्र विकलाच. शब्द म्हणजे शब्द. पण दर पोळ्याला आजोबा पोती लावायला सांगायचे आणि आपला बैल डोळे भरून बघायचे. दुसरा बैल यायच्या आत म्हणायचे, "बस. फुडलं नको." मामा शेतीला लागले ते कायमचे. कुणी विचारलं तर ऐटीत सांगायचे, "माझा सिनेमा दरसाल लागतो."

ते यंत्र कधीच मोडलं. रिळाचा डबा माझ्या ट्रंकेत आहे. मला त्यातला बैल नको. पहिल्या अर्ध्यात आहे ती माझी खरी मामी. तिचा एक फोटो नाही गं कुणाजवळ. पदराआड का होईना, चालताना दिसेल. चालीवरून मीही ओळखीन.

तुझ्या त्या कॉलेजात जुनी रिळं जाणणारं कुणीतरी असेलच. त्याला घेऊन ये. पोळ्याच्या आत ये बाई, माझे डोळे आहेत तोवर.