वरच्या वाडीचा साकव

मी पंचायतीवर निवडून आले तेव्हा लग्न होऊन कारवार जिल्ह्यात, कुंभारवाड्याकडे आल्याला बरीच वर्षं झाली होती, तरी लोकांच्या तोंडी मी अजून खानापूरवालीच होते. आमची जागा बायकांसाठी राखीव निघाली, घरच्यांनी अर्ज भरला आणि मी सदस्य झाले. अध्यक्ष होत्या त्या कुणबी समाजातल्या, माझ्यापेक्षा वयानं पुष्कळ मोठ्या. सगळे त्यांना आक्का म्हणायचे, मीही म्हणू लागले. रानातली वाट तुडवत त्या सभेला यायच्या, बाहेरच्या नळावर पाय धुवायच्या आणि मगच खुर्चीत बसायच्या.

ते दिवस आठवले की आधी पंचायतीची ती खोली आठवते. दाराशी टेकवलेल्या ओल्या छत्र्या, कुणीतरी फडक्यात बांधून आणलेली उकडलेली कणगी, म्हणजे इकडचे कंद, आणि निम्मं कानडी, निम्मं मराठी, मध्येच कोकणी असं आमचं बोलणं. भांडणंही त्याच भाषेत व्हायची. भांडून झालं की कणगी वाटून खायची.

आमच्या पंचायतीत वरची वाडी म्हणून एक वस्ती होती. मधे ओढा. पावसाळाभर तिकडच्या लोकांना अलीकडे यायला दोन ओंडके टाकून वेलींनी बांधलेला साकव, एवढाच आधार. एका वर्षी तो बांधला की वाहून जायचा, पुन्हा बांधला की पुन्हा जायचा. रेशनचा तांदूळ लोकांनी रानातून लांबचा वळसा घालून डोक्यावरून नेला. त्या वर्षी आम्ही ठराव केला, की पंचायतीच्या पैशातून तिथं लोखंडी साकव घालायचा. रस्त्याकडच्या सदस्याला तो खाली, रस्त्याजवळ हवा होता. तो बराच वेळ भांडला, पण शेवटी त्यानंही हात वर केला.

थोड्या दिवसांनी कारवारहून स्थगितीचा कागद आला. तालुक्याला तेव्हा जे अधिकारी होते त्यांनी वर कळवलं होतं, की वरची वाडी वाघांच्या जंगलाला लागून आहे, तिथले लोक सरकारी मोबदला घेऊन उठणार असं दिसतंय, आणि रिकाम्या होणाऱ्या वस्तीवर पैसा घालणं म्हणजे उधळपट्टी. माणूस वाईट नव्हता. त्यांचं म्हणणं अगदीच खोटं होतं, असंही नव्हतं.

साहेबांनी नाही म्हटलं म्हणजे संपलं, एवढंच आम्हाला ठाऊक. बोलला तो आमचा पीडीओ, म्हणजे पंचायतीचं कामकाज बघणारा सरकारी अधिकारी. धारवाडकडचा तरुण, नोकरी त्याच साहेबांच्या हाताखाली. त्यानं आधी दार लोटून घेतलं. मग सांगितलं, की ठराव कायद्याविरुद्ध असेल, किंवा त्यानं कुणाच्या जिवाला धोका असेल, तर वरच्यांना तो थांबवता येतो. नुसता पटला नाही म्हणून येत नाही. आणि रद्द करण्याआधी पंचायतीचं म्हणणं ऐकून घ्यावं लागतं.

आक्का म्हणाल्या, “मग ऐकवूया की.”

सुनावणीला आम्ही अणशीचा घाट उतरून कारवारला गेलो. आक्कांनी ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं. बसमध्ये त्या खिडकीशी बसल्या आणि समुद्र दिसेपर्यंत बाहेरच बघत राहिल्या.

स्थगिती देणाऱ्या, जिल्ह्याच्या मोठ्या साहेबांनी पीडीओकडून सगळं समजून घेतलं. मग त्यांनी आक्कांना विचारलं, लोक उठून जाणार हे माहीत असून तुम्ही तिथंच साकव का घालता? आक्का घरात बोलावं तशा बोलल्या.

“साहेब, माझं माहेर सुप्याच्या पाण्याखाली हाय. धरण व्हणार, गाव बुडणार, असं ठरलं, आणि पाणी यायच्या कितीतरी वर्षं आधीच आमाला समदं बंद झालं. रस्ता न्हाई, शाळेची कौलं न्हाईत. काय मागाय गेलं की म्हणायचे, बुडणारच हाय न्हवं? बुडायच्या आधी आमी तिथं ऱ्हात होतो, साहेब. वरच्या वाडीची माणसं आज तिथं ऱ्हात्यात.”

साहेबांनी ठरावाचा कागद पुन्हा एकदा वाचला. आक्कांचं बोलणं त्यांना किती भिडलं हे मला सांगता येणार नाही, कारण चेहऱ्यावर काही दिसलं नाही. ते म्हणाले, “माझं मत विचाराल तर साकव खाली रस्त्याजवळ घालावा. पण माझं मत इथं चालत नाही. ठरावात बेकायदा काही नाही. तो पंचायतीचा निर्णय आहे.”

स्थगिती उठली. परतताना आक्कांनी कारवारच्या बाजारातून सुकी मासळी घेतली आणि घाटभर बसमध्ये तिचाच वास. मी खिडकीला डोकं टेकून हसत होते. हक्क म्हणजे काय, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. आपलंच बरोबर असलं पाहिजे असं नव्हतं, फक्त ठरवायचं आपण होतं.

साकव झाला. पुढची काही वर्षं वरच्या वाडीच्या बायका भर पावसात माझ्या अंगणात येऊन बसायच्या, कधी कोकमं, कधी अळंबी घेऊन. एवढी माणसं माझ्या घरी त्याआधी कधी आली नव्हती. खानापूरवाली म्हणणंही हळूहळू बंद झालं.

मग एकेक घर उठू लागलं. मोबदला मिळाला, मुलं रामनगरकडे गेली. तालुक्याचे ते अधिकारी बदली होऊन गेले होते, ते एकदा एका लग्नात भेटले. ओळख ठेवून जवळ आले.

“गेलेच ना शेवटी लोक?” त्यांनी विचारलं.

“गेले,” मी म्हटलं. “सामान साकवावरूनच नेलं.”

ते ओशाळून हसले आणि मला जेवायला आपल्या शेजारी बसवून घेतलं. आक्का कशा आहेत, हेही त्यांनी आपणहून विचारलं. मला सांगावं लागलं, की त्या नाहीत आता.

वरच्या वाडीत अजून मोजकी घरं आहेत. उन्हाळ्यात कधी वेळ मिळाला की मी तिकडे जाते. एक म्हातारी अजून मला “सदस्यबाई” म्हणून हाक मारते. मी पंचायतीत नाही, हे तिला बऱ्याचदा सांगून झालंय. ती म्हणते, “ऱ्हाऊ दे गो,” आणि चूल पेटवायला आत जाते.